सगळे गेम एकाच माळेचे मणी नाहीत

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवार पुरवणीत संगणकावरच्या आणि मोबाइलवरच्या खेळांविषयी जो पानभर लेख आला, तो वाचला. लेखकाची कळकळ खरी आहे. मुलांची झोप उडते, डोळे बिघडतात, आईबापांच्या खात्यातून नकळत पैसे जातात, हे सगळे मान्य. पण पुढे त्यांनी दोन गोष्टी ठोकून दिल्या आहेत. एक म्हणजे गेम म्हटला की बंदूक आलीच. दुसरी म्हणजे ज्या गेममध्ये बंदूक नाही त्यात पोरे ‘खोटी घरे बांधत बसतात’ आणि त्यातून हाती काही लागत नाही. या दुसऱ्या वाक्यापायी हे पत्र. कारण असे एक खोटे घर मीच बांधून बसलो आहे, आणि तेही समुद्राच्या बुडाशी.

मी मुंबईच्या गोदीत फिटर होतो. जहाज सुक्या गोदीत आले की बुडाच्या गंजलेल्या प्लेटा कापून नव्या बसवायच्या, बल्कहेडच्या, म्हणजे जहाज आतून कप्प्यांत विभागणाऱ्या भिंतीच्या, दारांची रबरे बदलायची, दाराच्या कडेला खडू फासून ते नीट टेकते की नाही ते बघायचे, असले काम. निवृत्त होऊन मालवणला आलो. मे महिन्यात नात डोंबिवलीहून येते. तिच्या बापाचा जुना डेस्कटॉप इथे पडून आहे, त्यावर ती खेळते. गेमचे नाव सबनॉटिका. सुरुवातीला मी नुसता मागे खुर्ची टाकून बसायचो. मग तिने एकदा बल्कहेड बसवले, आणि त्या दाराचे चाक फिरताना बघून मी खुर्ची पुढे ओढली ती ओढलीच. आमच्या सौ.चे म्हणणे, “अवो, जेवूक येतास काय थंयच पाण्यात रवतास?”

ज्यांनी हा गेम पाहिलेला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. ऑरोरा नावाचे अंतराळयान एका समुद्रानेच भरलेल्या ग्रहावर कोसळते. तुम्ही एका छोट्या लाइफपॉडमधून वाचता. बाहेर पाणीच पाणी. सुरुवातीला एका दमात ४५ सेकंद पाण्याखाली राहता येते. तेवढ्यात मासे धरायचे, भंगार गोळा करायचे, वर येऊन श्वास घ्यायचा, पुन्हा खाली. मग हळूहळू अवजारे बनतात, हवेची टाकी बनते आणि एक दिवस हॅबिटॅट बिल्डर नावाचे यंत्र हातात येते. तिथून खरा खेळ सुरू होतो, कारण आता पाण्याखाली घर बांधता येते.

बंदुकीचे आधी सांगून टाकतो. या गेममध्ये जीव घेणारी बंदूक नाही. एक सुरी आहे, माशांना घटकाभर थिजवून ठेवणारे एक यंत्र आहे, अशीच काही साधने. हे चुकून राहिलेले नाही. गेम बनवणाऱ्या अननोन वर्ल्ड्स या अमेरिकन कंपनीचे एक संस्थापक चार्ली क्लीव्हलँड यांनी तसे ठरवून केले. २०१२ च्या डिसेंबरात कनेटिकटमधल्या सँडी हुक शाळेत गोळीबार झाला, त्यानंतर आपल्या खेळात आणखी बंदुका घालायच्या नाहीत असे त्यांनी ठरवले, आणि हे त्यांनी जाहीरपणे सांगितलेले आहे. गेम पूर्ण होऊन बाजारात आला तो जानेवारी २०१८ मध्ये. म्हणजे पुरवणीतल्या लेखाच्या कितीतरी आधी याच धंद्यातल्या एका माणसाने त्याच काळजीने काहीतरी करून दाखवले होते.

आता घराकडे येतो. गेमच्या भाषेत त्याला बेस म्हणतात.

प्रत्येक बेसला सुरुवातीला १० गुण मिळतात. हे कवचाच्या ताकदीचे गुण. त्यातून तुम्ही जे जोडाल त्याचे वजा होत जातात. साध्या नळीसारख्या वाटेचा एक. गोल मोठ्या खोलीचे सव्वा. आत शिरायच्या झाकणाचा, म्हणजे हॅचचा, एक. खिडकीचा एक. काचेची वाट केली तर दोन. पाणबुडी आत घ्यायचा मूनपूल तब्बल पाच. उलट पायाचे फाउंडेशन टाकले तर दोन वाढतात, बल्कहेडचे तीन वाढतात आणि भिंतीला आतून पोलादी बरगडीसारखे रीइन्फोर्समेंट ठोकले तर सात. शंभर मीटरच्या खाली गेलात की वजाबाकी आणखी जड होत जाते. वर जी खोली सव्वात पडते तीच खाली महाग पडते. एकूण आकडा शून्याच्या खाली गेला की घर गळू लागते.

हे वाचून कुणी म्हणेल, हा तर हिशेबाचा पाढा. तसाच आहे तो. पण गोदीतल्या माणसाला यात एक गोष्ट लगेच ओळखीची वाटते. भोक पाडले की कवच कमकुवत होते, मग ते भोक दारासाठी असो की देखाव्यासाठी. आमच्याकडे नवे सुपरवायझर यायचे, त्यांना हे समजायला वेळ लागायचा. नातीला ते एका दुपारी समजले.

तिचा बेस तसा उथळात होता, शंभर मीटरच्या आत, लाल गवताच्या पठारावर. एक गोल खोली, दोन वाटा, एक हॅच आणि मूनपूल. हिशेब केलात तर १० मधून सव्वानऊ गेलेले, शिल्लक पाऊण. तिला वेध लागले होते ऑब्झर्व्हेटरीचे. ही म्हणजे चहूबाजूंनी काचेची खोली, आत उभे राहिले की मासे डोक्यावरून जातात. तिची काच साधी नसते, तिला स्टॉकर नावाच्या लांबतोंड्या माशाचे दात लागतात. हा मासा भंगाराचे तुकडे तोंडात धरून पळवतो आणि त्या नादात त्याचे दात पडतात. ते वाळूत शोधून आणायचे, आणि तो मासा चावतो. तिने ते दात जमवले, काच बनवली, खोली उभी केली. वजा तीन. पडद्यावर आकडा आला उणे सव्वादोन.

थोडा वेळ काहीच झाले नाही. ती खोलीत उभी राहून मासे बघत होती, मला हाका मारत होती. मग धातू कुरकुरल्यासारखा आवाज आला. हा आवाज ज्याने बनवला त्याने जहाजावर रात्र काढली असणार, माझी खात्री आहे. वाटेच्या भिंतीला चीर पडली आणि पाण्याची धार आडवी उडाली. दुसरी गोल खोलीत. पाणी घोट्यापर्यंत, गुडघ्यापर्यंत, मग ती पोहायलाच लागली. “आबा, घरात पाणी भरतंय!” असे ती ओरडली, ते शेजारी ऐकून धावत आले. पावसाळा नव्हता, त्यामुळे त्यांना जास्तच आश्चर्य वाटले.

तिने रिपेअर टूल काढले. हे म्हणजे हातात धरायचे वेल्डिंग. ना रॉड, ना अर्थिंगची केबल, ना डोळ्यांवर काच. चिरेवर धरले की चीर मिटते. असे यंत्र गोदीत मिळाले असते तर आमच्या निम्म्या लोकांचे डोळे आज शाबूत असते, असो. तिने एक चीर बुजवली, दुसरीकडे नवी पडली. ती बुजवली, तिसरी पडली. मी म्हटले, “बाय, आधी टेकू, मग टाका.” फुटलेल्या जहाजावर हाच क्रम असतो. ताण आहे तिथे आधी लाकडी टेकू ठोकून भिंत आवरायची, मग गळती बुजवायची. ताण तसाच ठेवून टाके घालत बसलात तर रात्रभर टाकेच घालाल.

तिला पटले नाही, पटायला वेळही नव्हता. पण भिंतीला रीइन्फोर्समेंट ठोकायला तिने यंत्र वळवले. त्याला तीन टायटॅनियम आणि एक लिथियम लागते, नशिबाने लिथियमचा खडा कपाटात होता. ते बसले आणि आकडा उणे सव्वादोनवरून अधिक पावणेपाचावर गेला. मग तिने एकेक चीर मिटवली आणि पाणी आपोआप उतरले. पंप नाही, बिल्ज म्हणजे बुडाशी पाणी साचायची जागा नाही, आपोआप. हे मला अजून पचलेले नाही. ऑब्झर्व्हेटरी पाडून टाकायचाही मार्ग होता, आणि या गेममध्ये पाडले तरी सामान पूर्ण परत मिळते. तिने तो विचारसुद्धा केला नाही. तिला ती खोली हवी होती आणि तिची किंमत द्यायची तिची तयारी होती.

लेखकमहाशयांना विचारावेसे वाटते, हाती काही लागले की नाही?

बेस वाढवताना आणखी एक खाते सांभाळावे लागते, ते विजेचे. वीज गेली की घरातली हवा नवी होत नाही. वर उथळात सोलर पॅनल छान चालतात, जसजसे खाली जाल तसतसा उजेड कमी आणि वीजही कमी. मग मासे आणि वनस्पती घालायचा बायोरिअ‍ॅक्टर, किंवा गरम झऱ्यांजवळ थर्मल प्लांट आणि तिथून वीज वाहून आणायची. समुद्राचे पाणी गाळून पिण्याचे पाणी आणि मीठ देणारे एक यंत्र आहे, ते वीज अशी खाते की रात्रीत बेस काळोखात जातो. म्हणून आधी वीज, मग पाणी, मग खोल्या, मग शोभा, हा क्रम न सांगता कळतो. आपल्या गावांतल्या नळपाणी योजना कोणत्या क्रमाने होतात ते मी इथे लिहीत नाही, पत्र छापून यायला हवे.

खोल्या बांधायचे नकाशेसुद्धा आयते मिळत नाहीत. तुमच्या आधी त्या ग्रहावर देगासी नावाच्या जहाजाचे लोक अडकलेले असतात. त्यांचे तीन पडके बेस सापडतात. एक तरंगत्या बेटावर, दुसरा सुमारे २५० मीटर खोल गुहेत, तिसरा आणखी खाली. गोल मोठ्या खोलीचा नकाशा त्या पडक्या भिंती स्कॅन करून मिळतो. दुसऱ्याच्या मोडलेल्या कामावरून आपण शिकायचे, ही पद्धत मला आवडली. आम्हीही तसेच शिकलो, वर्गात कुणी काही शिकवले नाही.

आणि फाउंडेशनची गंमत सांगायलाच हवी, कारण मी मालवणचा. गेममध्ये पायाचा एक चौथरा बनवायला दोन टायटॅनियम आणि दोन शिसे लागते. शिसे वाचून मी थबकलो. आमच्या खिडकीतून सिंधुदुर्ग दिसतो. १६६४ मध्ये महाराजांनी कुरटे बेटावर काम सुरू केले, आणि पायाच्या दगडांत शिसे ओतल्याचे आम्ही लहानपणापासून ऐकत आलो. नातीला किल्ल्यावर कितीदा नेले होते, तिने कधी शिशाचे नाव काढले नव्हते. या वेळी बोटीतून उतरल्याबरोबर तिचा प्रश्न, शिसे नेमके कुठे ओतलेय आणि ते कशाला, पोलाद का नाही? गाइड जरा गडबडला. मी सांगितले की शिसे मऊ, कमी तापात वितळते, फटीत बसते आणि समुद्राच्या पाण्याने लोखंडासारखे गंजून फुगत नाही. मग दूधबाव, साखरबाव, दहीबाव या गोड्या पाण्याच्या विहिरींपाशी ती जास्त रेंगाळली. भर समुद्रात पिण्याचे पाणी मिळणे ही काय चीज आहे हे तिला आता ठाऊक होते.

गेममध्ये सगळे खरे आहे असे मी म्हणत नाही. उलट मूनपूलवरून माझा आणि नातीचा कायमचा वाद आहे. मूनपूल म्हणजे खोलीच्या जमिनीत पाण्याकडे उघडणारा हौद, त्यातून पाणबुडी वर येते. आता बघा, पाण्याखाली दर दहा मीटरला साधारण एका वातावरणाचा दाब वाढतो. घरात वरच्यासारखीच हवा ठेवायची तर कवच भक्कम हवे, हे बरोबर. पण मग जमिनीत उघडे भोक चालणार नाही, पाणी उसळून छताला लागेल. भोक उघडे ठेवायचे तर आतल्या हवेचा दाब बाहेरच्या पाण्याइतका हवा. तसे केले तर पाणी आत येत नाही, पण मग कवचावर ताणच उरत नाही आणि गुणांचा सगळा हिशेब कोसळतो. गेमवाल्यांनी दोन्ही घेतले, ताणही आणि भोकही.

खऱ्या जगात पाण्याखालच्या घरांना दुसरी पद्धत, म्हणजे आतबाहेर सारखा दाब, वापरलेली आहे. फ्रेंच समुद्रसंशोधक कुस्तोंनी १९६३ मध्ये सुदानजवळ तांबड्या समुद्रात शाब रुमीच्या प्रवाळावर सुमारे दहा मीटर खोल घर उभारले होते, माणसे तिथे महिनाभर राहिली. फ्लोरिडात की लार्गोजवळ अ‍ॅक्वेरियस नावाचे घर साधारण १९ मीटर खोल आहे, नासाचे अंतराळवीरही तिथे सरावाला राहिले आहेत. तिथे आतला दाब बाहेरइतका, म्हणून उघड्या हौदातून पाण्यात उतरता येते. त्याची किंमत माणसाच्या शरीराला मोजावी लागते. रक्तात वायू विरघळलेला असतो, वर येण्याआधी कित्येक तास दाब हळूहळू उतरवावा लागतो. घाई केली तर माणूस लुळा पडतो, कधी मरतो. गेममध्ये मात्र पाचशे मीटरवरून सुसाट वर या, काही होत नाही. मी नातीला म्हटले, हा तुझा हिरो तिसऱ्याच दिवशी गेला असता. ती म्हणाली, “आबा, मग गेम कोण खेळेल?” यावर माझ्याकडे उत्तर नाही.

पहिल्या पद्धतीचे, म्हणजे आत साधी हवा आणि बाहेर भक्कम कवच, याचे उदाहरण आपल्या देशातच तयार होते आहे. चेन्नईच्या राष्ट्रीय समुद्र तंत्रज्ञान संस्थेची मत्स्य-६००० ही पाणबुडी तीन माणसांना ६००० मीटर खाली न्यायची आहे. तिची माणसे बसायची खोली टायटॅनियमच्या मिश्रधातूचा गोळा आहे, २.१ मीटर व्यासाचा, भिंतीची जाडी ८० मिलिमीटर. तिथे दाब सुमारे ६०० वातावरणांचा. आमच्या गोदीत जहाजाच्या बुडाची प्लेट किती जाड असायची हे ज्यांना माहीत आहे त्यांनी तो ८० मिलिमीटरचा आकडा पुन्हा वाचावा. टायटॅनियम हा शब्द नातीने गेममध्ये उठताबसता ऐकलेला, त्यामुळे मत्स्यची बातमी आपल्याच अंकात आली तेव्हा तिने ती कापून ठेवली. गोळाच का, चौकोनी खोली का नाही, हा प्रश्नही तिनेच काढला. उत्तर तिच्या बेसमध्ये होते. तिथे खोल्या गोल आणि वाटा नळीसारख्या आहेत, कोपऱ्यात ताण साचतो म्हणून.

आता लेखकांच्या बाजूचे. हा गेम वेळ खातो. टायटॅनियमसाठी दगड फोडत फिरणे हे पुढे पुढे निव्वळ हमालीचे काम होते, आणि एकदा बेस वाढवायचे वेड लागले की गरज संपली तरी माणूस खोल्या जोडतच राहतो. नातीच्या बेसमध्ये कपाटेच इतकी झाली आहेत की कशात काय आहे ते तिलाच सापडत नाही. दुसरे, भीती. अमेरिकेत या गेमवर दहा वर्षांवरच्या मुलांसाठी चालेल असा शिक्का आहे. मी सहमत नाही. कोसळलेल्या यानाच्या आसपास गढूळ पाण्यात रीपर नावाचे एक धूड फिरते. ते दिसायच्या आधी त्याची गर्जना ऐकू येते. मी रात्रपाळ्या केलेला माणूस, तरी दिवे लावून बसलो. लहान पोरांना एकटे बसवू नये. आईबापांनी शेजारी बसावे, निदान सुरुवातीला.

पण हे सांगायला कुणीतरी तो खेळून बघायला हवा की नको? आपल्या वृत्तपत्रात दर शुक्रवारी सिनेमाचे परीक्षण येते. नाटकाचे येते, हॉटेलातल्या थाळीचेसुद्धा येते. परीक्षण लिहिणारा सिनेमा बघतो, थाळी खातो. खेळांविषयी मात्र बाहेरून ऐकून, सगळ्यांना एका काठीने हाकून पानभर लेख येतो. आज आपल्या वाचकांच्या घरोघरी पोरे हे खेळ खेळत आहेत. कोणता खेळ जुगाराच्या वळणाचा, कोणत्यात परक्या माणसाशी बोलावे लागते, कोणता एकट्याने खेळायचा, कोणत्यात पैसे एकदाच जातात आणि कोणत्यात दर आठवड्याला, हे आईबापांना कुठून कळणार? सबनॉटिका एकदा विकत घ्यायचा, एकट्याने खेळायचा, मध्ये कुणी पैसे मागत नाही. एवढी एक ओळ जरी त्या लेखात असती तरी कुणाच्या तरी उपयोगी पडली असती. माझी विनंती आहे की पंधरवड्यातून एकदा का होईना, एका खेळाचे परीक्षण द्यावे, आणि ते खेळणाऱ्याने लिहावे. शाळेतल्या पोरांकडून लिहून घेतलेत तर अधिक बरे, त्यांना दोष लवकर दिसतात.

पत्र लांबले याची जाणीव आहे. जागा नसेल तर रीपरचा भाग कापा, मूनपूलचा कृपया ठेवा.

कळावे,
आपला,
गोदीतला एक निवृत्त फिटर, मालवण

ता. क. – कुणी नव्याने सुरू करणार असेल तर पहिल्या वाटेला हॅच आणि वर एक सोलर पॅनल एवढे आधी करावे. त्याशिवाय घर बांधून झाले तरी आत श्वास घेता येत नाही. काचेचे काम रीइन्फोर्समेंट हाताशी आल्यावर काढावे. आणि नात सांगते ते लिहितो, कपाटांना नावे द्यावीत.